शहरात गेलेल्या गावाची शेती : नेरिमाचा अनुभव

गाव शहराच्या हद्दीत गेले की शेती संपली, असा सर्वसाधारण समज आहे. जपानमधील टोकियो शहराच्या नेरिमा विभागाचा अनुभव या दृष्टीने अभ्यासण्यासारखा आहे.

पूर्वीची शेती : शाकुजी, ओइझुमी ही येथील खेडी. ज्वालामुखीच्या राखेपासून बनलेली भुसभुशीत, खोल जमीन लांब मुळ्यास मानवणारी. शेतकरी टोकियोत भाजी नेत व येताना सोनखत आणत. मुळा वाळवून, मीठ व भाताच्या कोंड्यात मुरवून ‘ताकुआन’ हे लोणचे केले जाई.

१ ऑक्टोबर १९३२ रोजी ही खेडी टोकियो शहरात सामील झाली. १९३३ चा दुष्काळ व मोझॅक या विषाणूजन्य रोगामुळे मुळ्याला मोठा फटका बसला. युद्धानंतर घरे वाढली, जेवणाच्या सवयी बदलल्या आणि मुळ्याची जागा कोबीने घेतली. १९४७ मध्ये नेरिमा स्वतंत्र विभाग झाला.

खरी अडचण कराची : शहरातील शेतजमिनीवर घरांच्या जागेप्रमाणे कर बसू लागला, तर भाजी विकून तो भरणे शक्य नसते. वडिलांच्या मृत्यूनंतर वारसा कर भरण्यासाठीही जमीन विकावी लागते. यावर ‘उत्पादक हरित भूमी’ कायद्यात १९९१ मध्ये दुरुस्ती झाली. किमान ५०० चौ.मी. (सुमारे ५ गुंठे) जमीन नोंदवून ३० वर्षे शेती करण्याचे बंधन स्वीकारल्यास शेतीच्या दराने कर बसतो. वारस स्वतः शेती करीत राहिल्यास वारसा कराची वसुली पुढे ढकलता येते. मात्र अशा जमिनीवर घरे बांधता येत नाहीत.

१९९२ मध्ये नोंदविलेल्या जमिनींची मुदत २०२२ मध्ये संपणार होती. त्यापूर्वी २०१७ मध्ये १० वर्षांच्या मुदतवाढीची सोय झाली. क्षेत्राची अट ३०० चौ.मी. पर्यंत कमी करण्याची मुभा स्थानिक संस्थांना मिळाली. बहुसंख्य जमिनींना मुदतवाढ घेण्यात आली.

ग्राहक शेजारीच : येथील शेतकरी बांधावरच ताजी भाजी विकतात. १९९६ पासून काहींनी ‘शेती अनुभव मळे’ सुरू केले. शहरवासी हंगामाची फी आगाऊ भरतात, शेतकरी पेरणीपासून काढणीपर्यंत शिकवितो आणि पीक त्या कुटुंबाचे होते. म्हणजे बाजारभाव पडला तरी उत्पन्न ठरलेले राहते. १९८९ पासून जुन्या नेरिमा मुळ्याच्या लागवडीलाही विभागाने चालना दिली आहे.

लक्षात घ्यावे असे : तेथेही शेती घटतच आहे, कायद्याने ती फक्त सावरली. ३० वर्षांचे बंधन म्हणजे पुढच्या पिढीचाही निर्णय. म्हणून आपले गाव शहरालगत असेल तर कराचे नियम आधी समजून घ्या, जमिनीबाबत मुलामुलींशी वेळीच बोला, आणि शेजारी आलेली वस्ती ही आपल्या भाजीची बाजारपेठ आहे हे ध्यानात ठेवा.