पंख्यामागचा डेल्को

आपल्याकडे ट्रॅक्टर सुरू झाला नाही की बांधावरचा पहिला प्रश्न ठरलेला असतो : "एअर घेतलाय का?" मग कोणीतरी पाना आणतो, डिझेलच्या पाइपचा बोल्ट ढिला करतो, हातपंप मारतो. आधी फेस येतो, मग निखळ डिझेल, आणि बोल्ट पुन्हा कसला जातो. १९५९ साली फरीदाबादला आयशरचा पहिला ट्रॅक्टर तयार झाला आणि पुढे देशात ट्रॅक्टर वाढले ते डिझेलवरच. डिझेल इंजिनात हवाच इतकी दाबली जाते की तिच्या उष्णतेने इंधन पेटतं. ठिणगीला तिथे काम नाही.

अमेरिकेतल्या जुन्या ट्रॅक्टरवाल्याचा पहिला प्रश्न वेगळा : ठिणगी येते का? कारण त्याच्या कोठारात उभा असलेला ट्रॅक्टर बहुधा पेट्रोलचा असतो, आणि तो फोर्डच्या 'एन' मालिकेतला असण्याची शक्यता बरीच. १९३९ साली ५८५ डॉलरला आलेला '९एन', युद्धकाळातला '२एन', आणि १९४७ ते १९५२ या काळात पाच लाखांहून अधिक संख्येने निघालेला लाल अंगाचा, राखाडी पत्र्याचा '८एन'. तिन्ही मिळून आठ लाखांच्या घरात. त्यांतले कितीतरी आजही गवत कापतात, बर्फ लोटतात. त्यांचा एक वारसा आपल्याही शेतात आहे. हॅरी फर्ग्युसनची तीन सांध्यांची हायड्रॉलिक लिफ्ट अमेरिकेत घरोघर पोचली ती याच ट्रॅक्टरमधून, आणि आपल्या नांगराचे तीन सांधे तिचेच वंशज. फोर्ड आणि फर्ग्युसन यांनी १९३८ साली केवळ हस्तांदोलनावर भागीदारी केली होती. ती मोडल्यावर कोर्टकज्जा झाला आणि १९५२ साली फोर्डने ९२.५ लाख डॉलर मोजून तो मिटवला.

पण आपला विषय लिफ्ट नाही. आपला विषय आहे इंजिनाच्या अगदी पुढे, पंख्याच्या मागे, हात घालायलाही अवघड अशा जागी बसलेला एक मुठीएवढा डबा : डिस्ट्रिब्यूटर. आपल्या गॅरेजात त्याला 'डेल्को' म्हणतात. अँबॅसॅडर, फियाट, जुनी मारुती ८०० ज्यांनी हाताळली त्यांच्या तोंडी हाच शब्द. तो आला ओहायोतल्या डेटन गावातून. चार्ल्स केटरिंग आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९०९ साली तिथे 'डेटन इंजिनिअरिंग लॅबोरेटरीज कंपनी' काढली. तिच्या आद्याक्षरांचा डेल्को झाला. बॅटरी आणि कॉईलवर चालणारी त्यांची इग्निशन १९१०च्या कॅडिलॅकवर बसली. कंपनीचं नाव वस्तूला चिकटलं आणि समुद्र ओलांडून आपल्या मिस्त्रींच्या बोलीत मुरलं. फोर्डच्या ट्रॅक्टरवरचा डबा त्या कंपनीचा नव्हे, पण युक्ती तीच.

ती युक्ती समजली की निम्मी दुरुस्ती झाली म्हणायची. बॅटरी ६ व्होल्टची. प्लगच्या फटीतून, तेही दाबलेल्या वायूतून ठिणगी उडवायला हजारो व्होल्ट लागतात. कॉईलमध्ये लोखंडी गाभ्याभोवती जाड तारेचे थोडे आणि केसासारख्या तारेचे पुष्कळ वेढे असतात, साधारण शंभरपट. डब्यातले पॉइंट, म्हणजे कॅमने उघडमीट होणारे दोन संपर्क, मिटलेले असतात तोवर जाड तारेतून करंट वाहतो आणि गाभ्यात चुंबकत्व साठतं. पॉइंट उघडतात त्या क्षणी ते चुंबकत्व कोसळतं. ते इतक्या झपाट्याने कोसळतं की जाड तारेतच दोन-अडीचशे व्होल्टचा झटका बसतो, आणि बारीक तारेत त्याच्या शंभरपट. म्हणजे ठिणगी करंट सुरू होण्याने उडत नाही, तो तुटण्याने उडते. आणि तो स्वच्छ तुटावा म्हणून पॉइंटशेजारी बोटाच्या पेराएवढा कंडेन्सर बसवलेला असतो. तो नसेल तर करंट पॉइंटच्या फटीतूनच ठिणगी मारून पळतो, पॉइंट जळतात आणि प्लगपर्यंत काही पोचत नाही.

इंजिन मिनिटाला १५०० फेरे घेत असताना हे सारं सेकंदाला ५० वेळा घडतं, एक-दोन-चार-तीन या क्रमाने. त्यासाठी पॉइंटमधली फट हवी १५ थाऊ, म्हणजे इंचाचे पंधरा हजारांश. मिलिमीटरमध्ये ०.३८. प्लगची २५ थाऊ.

'एन'चा डबा पुढे का बसवला? कॅमशाफ्टच्या पुढच्या टोकालाच तो थेट जोडता येतो म्हणून. मध्ये वेगळा गियर नाही, वेगळा दांडा नाही. कॉईलही चौकोनी ठोकळ्यासारखी, थेट डब्याच्या डोक्यावर बसवलेली, त्यामुळे कॉईलपासून डब्यापर्यंतची जाड वायरही वाचली. दांड्याच्या टोकाची जीभ मधोमध नसून किंचित एका बाजूला आहे. त्यामुळे डबा एकाच पद्धतीने बसतो, अर्ध्या फेऱ्याने चुकीचा बसूच शकत नाही. टायमिंग ट्रॅक्टरवर लावायचं नाही. डबा काढून टेबलावर, पट्टी धरून लावायचं, मग बसवायचं. उतावळ्या हातांना इथे एक सापळा आहे. जीभ खाचेत नीट बसण्याआधीच दोन बोल्ट आवळून डबा ओढून घ्यायला गेलं की ओतीव धातूचा कान तुटतो. डबा हाताच्या दाबाने पूर्ण टेकला पाहिजे. बोल्ट फक्त धरून ठेवायला.

सोयीची किंमत मालकाने मोजली. काम करायचं तर पंख्यामागच्या बोळात आंधळेपणाने चाचपायचं. १९५०च्या सुमारास फोर्डने हे ऐकलं. त्यानंतरच्या '८एन'वर डिस्ट्रिब्यूटर इंजिनाच्या बाजूला गेला आणि कॉईल गोल डब्याची, वेगळी झाली. त्याच्या पॉइंटची फट मात्र २५ थाऊ. दोन्ही ट्रॅक्टरांवर '८एन' हेच नाव, म्हणून एकाचं माप दुसऱ्याला लावण्याची चूक आजही होते. युद्धकाळातल्या सुरुवातीच्या '२एन'ची तऱ्हा आणखी निराळी. तांबं आणि रबर रणगाड्यांकडे वळल्याने काही काळ त्यावर बॅटरी नव्हती, सेल्फ नव्हता, चाकं लोखंडी होती, आणि ठिणगीसाठी मॅग्नेटो होता, जो स्वतःच फिरून स्वतःची वीज बनवतो.

आता ट्रॅक्टर सुरू होत नाही असं धरू. गियर न्यूट्रलला आहे, कारण त्याशिवाय सेल्फचं बटण दबतच नाही. सेल्फ फिरतोय, इंजिन पेटत नाही. इथे मालकांचे दोन प्रकार पडतात. पहिला दुकानात जातो, पॉइंट, कंडेन्सर, कॉईल, कॅप, वायरी, प्लग असा सारा संच आणतो, एकदम बसवतो, आणि ट्रॅक्टर तरीही सुरू होत नाही. आता मूळ बिघाडात नव्या सामानातले बिघाडही मिसळलेले असतात. दुसरा मीटर आणतो.

एक प्लगची वायर काढून, तिचं टोक इंजिनाच्या धातूपासून पाव इंचावर धरून सेल्फ मारायचा. निळसर, चटचट आवाज करणारी ठिणगी उडाली तर वीज निर्दोष, पेट्रोलकडे पाहायचं. पिवळट, मरतुकडी उडाली किंवा उडालीच नाही तर मीटर कॉईलच्या वरच्या टर्मिनलवर लावायचा. या ट्रॅक्टरचं पॉझिटिव्ह अर्थ आहे, म्हणजे बॅटरीचं धन टोक सांगाड्याला. तेव्हा मीटरची लाल वायर सांगाड्याला जाते. चावी चालू करायची, इंजिन हाताने हळूहळू फिरवायचं आणि काटा पाहायचा.

पॉइंट उघडे असताना करंट वाहत नाही, म्हणून बॅटरीचे पूर्ण सहा व्होल्ट दिसले पाहिजेत. पॉइंट मिटले की करंट वाहतो, डॅशबोर्डमागच्या रेझिस्टरमध्ये काही व्होल्ट खर्ची पडतात, काटा निम्म्याच्या आसपास उतरतो. फिरवत राहिलं की काटा वर-खाली झाला पाहिजे. तो सारखा वरच राहिला तर करंट कुठेच वाहत नाही : पॉइंट मळलेले, किंवा कॉईलच्या पोटाखालची छोटी स्प्रिंग टेकत नाही. सारखा खालीच राहिला तर करंट तुटत नाही : पॉइंट उघडत नाहीत, कंडेन्सर शॉर्ट आहे, किंवा डब्यातली तांब्याची पातळ पट्टी कुठेतरी बॉडीला घासते. आणि काटा हललाच नाही, शून्यावर राहिला, तर दोष डब्याच्या अलीकडे : स्विच, रेझिस्टर, वायर. तीन उत्तरं, तीन पत्ते, आणि अजून एकही पार्ट विकत घेतलेला नाही. चावी मात्र उगाच चालू ठेवायची नाही. इंजिन बंद असताना पॉइंट मिटलेल्या अवस्थेत थांबले तर कॉईल नुसती तापत राहते आणि जळते.

सर्वांत जास्त वेळा गुन्हेगार निघतो तो मळ. महिनोन् महिने उभ्या ट्रॅक्टरच्या पॉइंटवर गंजाचा, तेलाचा अदृश्य पापुद्रा चढतो. हजार व्होल्टला त्याची पर्वा नसते, सहा व्होल्टला तो भिंतीसारखा. खोक्यातून काढलेल्या कोऱ्या पॉइंटवरही गंजरोधक तेलाचा थर असतो. तो न पुसता बसवला की नवा पॉइंट जुन्याहून वाईट. स्वच्छ जाड कागदाची पट्टी पॉइंटमध्ये धरून दोनदा ओढली की पुरते. पॉलिश पेपरचा मोह आवरायचा, कारण त्याचे कण पॉइंटमध्ये रुततात आणि वीज अडवतात. कॅमवर ग्रीसचा ठिपका हवा, लपका नको. फिलर गेज चारही उंचवट्यांवर लावून पाहायचा. एकावर १५ आणि दुसऱ्यावर १९ आलं तर दोष पॉइंटचा नाही, दांड्याचं बुश झिजलंय. कितीही पॉइंट बदला, इंजिन मिसिंग मारतच राहणार.

मळाचा दुसरा अड्डा म्हणजे बॅटरीच्या वायरी. तेवढीच शक्ती ६ व्होल्टवर मिळवायची तर १२ व्होल्टच्या दुप्पट करंट लागतो. मोटारीची पातळ केबल इथे लावली, किंवा अर्थची वायर रंगावरच कसली, की सेल्फ सगळे व्होल्ट गिळतो आणि ठिणगीला उरत नाही. त्यावर उपाय म्हणून लोक १२ व्होल्टची बॅटरी बसवतात. ते चालतंही, पण जुन्या कॉईलला जादा रेझिस्टर न देता बसवली की कॉईलचा बळी जातो. खरं दुखणं बहुतेकदा सहा व्होल्ट हे नसून गंजलेली जोडणी हेच असतं.

एक दुखणं मात्र मीटरलाही फसवतं. ट्रॅक्टर तासभर उत्तम चालतो, मग जणू झोपी जातो. अर्ध्या तासाने पुन्हा सुरू. तापल्यावर कॉईलच्या आतली तार तुटते, थंड झाल्यावर पुन्हा टेकते. असंच निदान होतं आणि पुष्कळदा ते बरोबर असतं. पण पेट्रोलच्या टाकीच्या झाकणातलं हवेचं छिद्र बुजलं तरी लक्षणं हुबेहूब हीच. टाकीत पोकळी होते, पेट्रोल उतरायचं थांबतं, थोड्या वेळाने हवा शिरते आणि सगळं सुरळीत. निवाडा करायची वेळ एकच : इंजिन बंद पडतं तो क्षण. तेव्हाच झाकण ढिलं करायचं, तेव्हाच ठिणगी पाहायची. घरी आणून थंड झालेल्या ट्रॅक्टरची तपासणी म्हणजे ताप उतरल्यावर थर्मामीटर लावणं.

आज पॉइंटऐवजी बसणारे इलेक्ट्रॉनिक संच मिळतात. ते घासत नाहीत, फट मागत नाहीत, आणि वर्षानुवर्षं चालतातही. पण ते बंद पडले की हातात काळा ठोकळा उरतो. तो उघडत नाही, दाखवत नाही, बदलायचा एवढंच. १९३९चा डबा मात्र अशा माणसासाठी घडवला होता ज्याचा विक्रेता तालुक्याच्या गावी होता आणि पेरणी आजची होती. त्याच्या प्रत्येक बिघाडाला डोळ्यांना दिसणारी जागा आहे.

म्हणूनच हा परका ट्रॅक्टर आपल्याकडच्या एका पिढीला परका वाटणार नाही. राजदूत रस्त्याच्या कडेला उभी करून झाडाखाली पॉइंट घासलेला माणूस, फियाटचा कंडेन्सर बोनेटच्या उघड्या झाकणाखाली बदललेला मिस्त्री, त्यांना आयोवातल्या एखाद्या कोठारात '८एन'पुढे उभं केलं तर लिफ्टकडे, लाल रंगाकडे ते नंतर पाहतील. आधी पंख्यामागे वाकतील आणि विचारतील, "डेल्को इथे आहे होय? स्क्रूड्रायव्हर द्या बघू."