काळ थांबला तर कानांस काय ऐकूं येईल ?

झोपीं गेलेल्या राजकन्येची गोष्ट आमच्या बहुतेक बालवाचकांस ठाऊक असेलच. ग्रिम बंधूंचा जो कथासंग्रह जर्मनींत १८१२ सालापासून प्रसिद्ध होऊं लागला, त्यांत ती आहे. शापाची घटका भरतांच राजवाड्यांतील माणसें, घोडे, कबुतरें, भिंतीवरील माशा, चुलींतील जाळ, सारें जागच्या जागीं निद्रिस्त होतें. वारा पडतो, झाडाचें पानहि हालत नाहीं. शंभर वर्षें तेथें शब्द नाहीं कीं हालचाल नाहीं. ध्वनि मुका करणारी व काळ थोपविणारी ही शक्ति कोणती, हें परीकथेंत विचारावयाचें नसतें. एच्. जी. वेल्स ह्या इंग्रज लेखकानें १९०१ सालीं एक लघुकथा लिहून तें विचारण्याची सोय करून दिली. ‘दि न्यू ॲक्सेलरेटर’, म्हणजे ‘नवा वेगवर्धक’, हें तिचें नांव.

कथेंतील प्राध्यापक गिबर्न ह्यांनीं एक औषध सिद्ध केलेलें असतें. तें घेणाऱ्याचें शरीर व मन नेहमींच्या कित्येक हजारपट वेगानें चालूं लागतें. अर्थात् त्याच्या दृष्टीनें जग थांबतें. हातांतून सोडलेला पेला अधांतरीं राहतो. खिडकीबाहेर एक सायकलस्वार आपल्या धुरळ्यासह थिजलेला दिसतो. प्राध्यापक व त्यांचे मित्र फोकस्टन येथें समुद्रकांठच्या हिरवळीवर जातात. तेथें बँड वाजत असतो, पण त्यांच्या कानीं सूर न येतां नुसती मंद घरघर येते.

आकडे मांडून पाहिले म्हणजे ह्या चमत्कारामागें किती विचार आहे तें कळतें. सोयीसाठीं वेग हजारपटच धरूं. सोडून दिलेला पदार्थ पहिल्या सेकंदांत सुमारें पांच मीटर पडतो. औषध घेतलेल्या मनुष्याचा एक सेकंद म्हणजे आपल्या सेकंदाचा हजारावा अंश. तेवढ्यांत पेला मिलिमीटरच्या दोनशेंव्या भागाइतकाच खालीं येईल. आतां ध्वनि. हवेचीं कंपनें सेकंदास सुमारें २० पासून २०,००० पर्यंत असतील तरच तीं आपणांस ऐकूं येतात. बँडमधील ४४० कंपनांचा स्वर ह्या मनुष्याच्या हिशेबीं सेकंदास अर्ध्या कंपनाहूनहि कमी भरेल, म्हणजे ऐकूं येणारच नाहीं. बँडवाले बिचारे गाल फुगवून वाजवीतच आहेत! काळ मंदावला कीं ध्वनि आपोआप मुका होतो, त्यास निराळी शक्ति लागत नाहीं, हें वेल्सनें अचूक हेरलें.

कांहीं गोष्टी त्यानें सोडून दिल्या. ते दोघे चालतांना गप्पा मारतात. परंतु हवेंत ध्वनि सेकंदास सुमारें ३४० मीटर जातो. तेव्हां एका मीटरवरील सोबत्याचा शब्द पोंचण्यास त्यांच्या मोजणीनें जवळजवळ तीन सेकंद लागावयाचे. साध्या चालीनें ते सेकंदास १,५०० मीटर जातील, आणि मागून मारलेली हांक त्यांस कधींच गांठणार नाहीं. अशा वेगानें हवेशीं घर्षण होऊन कपडे करपतात, एवढें वेल्सच्या ध्यानांत होतें. प्रकाशाचें मात्र राहून गेलें. डोळ्यांत हजारावा हिस्साच प्रकाश शिरणार, म्हणजे भर दुपारीं दिवेलागण!

परीक्षेच्या दिवशीं हें औषध मिळालें तर, असें आमच्या विद्यार्थ्यांच्या मनांत खचित आलें असेल. त्यांनीं एवढें ध्यानांत घ्यावें कीं, लेखणींतील शाई आपल्या जुन्याच गतीनें उतरेल. शिवाय तीन तासांच्या पेपरांत त्यांच्या आयुष्याचे तीन हजार तास, म्हणजे चार महिन्यांहून अधिक, खर्च होतील. तितक्या दिवसांची भूक लागेल, आणि डब्यांत तर आईनें दिलेल्या दोनच पोळ्या. घरीं वाट पाहणाऱ्या आईचे तीनच तास गेलेले असतील. मुलगा मात्र त्या चार महिन्यांत एकहि मानवी शब्द न ऐकतां परत येईल. जग थांबविणाऱ्याचें स्वतःचें घड्याळ थांबत नाहीं, हीच ह्या कल्पनेंतील खरी भयंकर गोष्ट आम्हांस वाटते.

असें औषध अर्थात् कोठें नाहीं. पण दोन्ही गोष्टी निरनिराळ्या वाटांनीं खरोखर घडतात. रॉबर्ट बॉइल ह्यानें कांचेच्या पात्रांत घड्याळ टांगून आंतील हवा काढून घेतली, तेव्हां टिकटिक ऐकूं येईनाशी झाली. कांटा मात्र फिरतच होता. हा प्रयोग त्यानें १६६० सालीं प्रसिद्ध केला. काळाविषयीं म्हणाल तर वेल्सच्या कथेनंतर चारच वर्षांनीं, १९०५ सालीं, आइन्स्टाइन ह्यांनीं गतिमान घड्याळ मंद चालतें असें प्रतिपादन केलें. गुरुत्वाकर्षणानेंहि त्याची चाल बदलते हें पुढें त्यांच्याच सिद्धांतावरून निघालें. १९७१ सालीं हाफेल व कीटिंग ह्या अमेरिकन शास्त्रज्ञांनीं अणुघड्याळें प्रवासी विमानांत ठेवून पृथ्वीप्रदक्षिणा केली. जमिनीवरील घड्याळांशीं ताडून पाहतां, पूर्वेच्या दिशेनें गेलेलीं तीं घड्याळें सेकंदाचे सुमारें ५९ अब्जांश मागें पडलीं होतीं व पश्चिमेच्या दिशेनें गेलेलीं सुमारें २७३ अब्जांश पुढें गेलीं होतीं. एवढ्याशा फरकानें विमानांतील कोणाचा आवाज बदलण्याचें कारण नव्हतें.