साल्झबर्ग कार्ड : मोझार्ट यांच्या शहरात एका कार्डावर काय पाहावे, काय ऐकावे

ऑस्ट्रियातील साल्झबर्ग हे साल्झाख नदीच्या दोन्ही तीरांवर वसलेले, सुमारे दीड लाख लोकवस्तीचे शहर आहे. पाश्चात्त्य अभिजात संगीतातील थोर रचनाकार वोल्फगांग आमाडेउस मोझार्ट यांचा जन्म २७ जानेवारी १७५६ रोजी याच शहरात झाला. जगातील अग्रगण्य संगीत-नाट्य महोत्सवांपैकी एक असलेला साल्झबर्ग महोत्सव १९२० पासून येथे भरतो. शहराच्या ऐतिहासिक भागाला १९९६ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत स्थान मिळाले.

व्हिएन्नाहून रेल्वेने सुमारे अडीच तासांत, तर जर्मनीतील म्युनिकहून दोन तासांच्या आत साल्झबर्गला पोहोचता येते. त्यामुळे युरोपच्या सहलीवर निघालेले अनेक भारतीय पर्यटक एक-दोन दिवस येथे थांबतात. शहरात उतरताच त्यांच्यासमोर एक प्रश्न उभा राहतो. प्रत्येक ठिकाणी वेगळे तिकीट काढावे, की 'साल्झबर्ग कार्ड' घ्यावे?

या प्रश्नाचे उत्तर केवळ पैशांच्या हिशेबात नाही. हे कार्ड मोझार्ट यांच्या घरांची, किल्ल्याची आणि राजवाड्यांची दारे उघडते. मात्र मैफलीचे तिकीट त्यात नसते. ज्या संगीतासाठी हे शहर ओळखले जाते, ते ऐकण्याची सोय पर्यटकाला वेगळी करावी लागते. ती आधी केली नाही, तर तीन दिवस संगीताच्या नगरीत राहूनही केवळ वस्तुसंग्रहालये पाहून परतण्याची वेळ येते.

कार्डात काय मिळते?

साल्झबर्ग कार्ड २४, ४८ आणि ७२ तासांच्या मुदतीचे असते. मुदतीत शहरातील प्रमुख स्थळांना प्रत्येकी एकदा विनामूल्य प्रवेश मिळतो. मोझार्ट यांचे जन्मस्थान, त्यांचे नंतरचे निवासस्थान, होहेनसाल्झबर्ग किल्ला व तेथे नेणारी डोंगरी रेल्वे, हेलब्रुन प्रासाद व तेथील कारंजी आणि उन्टर्सबर्ग पर्वतावरील रज्जुमार्ग ही त्यांतील मुख्य आकर्षणे होत. शहरातील सार्वजनिक बससेवाही कार्डात समाविष्ट आहे. काही मैफली आणि सहलींच्या तिकिटांवर सवलत मिळते. सहा ते पंधरा वर्षे वयाच्या मुलांसाठी कार्डाचा दर निम्मा असतो.

दोन अटी ध्यानात ठेवणे आवश्यक आहे. पहिली अट अशी, की प्रत्येक स्थळी एकदाच प्रवेश मिळतो. सकाळी पाहिलेला किल्ला रात्रीच्या दिव्यांत पुन्हा पाहायचा असेल, तर वेगळे तिकीट घ्यावे लागते. दुसरी अट अशी, की कार्ड ज्याच्या नावाचे असेल त्यालाच ते वापरता येते. पती-पत्नींनी एकच कार्ड आळीपाळीने वापरणे नियमात बसत नाही.

तासांचा हिशेब

कार्डाची मुदत तासांत मोजली जाते आणि ती पहिल्या वापरापासून सुरू होते. हा नियम पर्यटकाच्या फायद्याचा आहे. दुपारी बारा वाजता २४ तासांचे कार्ड वापरण्यास प्रारंभ केल्यास त्या दिवसाची दुपार आणि दुसऱ्या दिवसाची सकाळ, असे दोन्ही दिवस उपयोगात येतात. सायंकाळी उशिरा शहरात पोहोचलेल्या पर्यटकाने मात्र त्याच वेळी कार्ड सुरू केल्यास पहिले काही तास वाया जातात, कारण बहुतेक संग्रहालये सायंकाळी बंद होतात.

७२ तासांच्या कार्डाचा दर २४ तासांच्या कार्डाच्या तिप्पट नसतो. तो साधारणपणे दीडपट असतो. म्हणजे मुदत जितकी अधिक, तितका दर तासाचा खर्च कमी. तरीही अधिक मुदतीचे कार्ड प्रत्येकाला फायदेशीर ठरते असे नाही. किल्ला, उन्टर्सबर्गचा रज्जुमार्ग आणि मोझार्ट यांची दोन्ही घरे ही महागड्या तिकिटांची ठिकाणे आहेत. यांपैकी तीन ठिकाणे पाहणाऱ्याला कार्ड सहसा परवडते. जुन्या शहराच्या गल्ल्या, मिराबेल उद्यान आणि नदीकाठ एवढेच पाहायचे असेल, तर त्यासाठी कोणतेही तिकीट लागत नाही आणि कार्डाचीही आवश्यकता नाही.

या हिशेबात मे २०२५ पासून आणखी एका बाबीची भर पडली आहे. साल्झबर्ग प्रांतात मुक्काम करणाऱ्या पर्यटकांना निवासाच्या आकारणीतच सार्वजनिक वाहतुकीचा पास देण्याची योजना तेव्हापासून लागू झाली. हॉटेलात राहणाऱ्याला बसप्रवासाची सोय या योजनेतून आधीच मिळालेली असते. अशा पर्यटकाने कार्डाचे मूल्य केवळ प्रवेशशुल्काच्या आधारे ठरवावे. व्हिएन्ना वा म्युनिकहून एका दिवसासाठी येणाऱ्याला मात्र कार्डातील बससेवेचा उपयोग होतो.

मोझार्ट यांची दोन घरे

गेट्राइडेगास्से या अरुंद बाजारपेठेतील ९ क्रमांकाचे घर हे मोझार्ट यांचे जन्मस्थान. हागेनाउअर नावाच्या व्यापाऱ्याच्या या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर मोझार्ट कुटुंब १७४७ ते १७७३ अशी २६ वर्षे भाड्याने राहत होते. वडील लेओपोल्ड हे आर्चबिशपच्या दरबारात वादक होते. त्यांना सात अपत्ये झाली. त्यांपैकी मारिया आना आणि वोल्फगांग ही दोनच जगली. या घरात १८८० पासून संग्रहालय आहे. मोझार्ट यांनी बालपणी वाजवलेले छोटे व्हायोलिन तेथे पाहावयास मिळते.

नदीच्या पलीकडील तीरावर, माकार्टप्लात्स या चौकात त्यांचे दुसरे घर आहे. पूर्वी तेथे उमरावांना नृत्याचे धडे दिले जात, म्हणून ते 'नृत्यशिक्षकाचे घर' या नावाने ओळखले जाई. मोझार्ट कुटुंब १७७३ मध्ये येथे राहावयास आले. मोझार्ट यांनी व्हायोलिनसाठी लिहिलेल्या प्रसिद्ध कंचेर्टोंपैकी चार १७७५ मध्ये, याच वास्तव्याच्या काळात साल्झबर्गमध्ये रचले गेले. दुसऱ्या महायुद्धात १६ ऑक्टोबर १९४४ च्या बाँबहल्ल्यात या घराचा मोठा भाग उद्ध्वस्त झाला. पुनर्बांधणीनंतर जानेवारी १९९६ मध्ये ते लोकांसाठी खुले झाले.

गर्दीचा विचार करता जन्मस्थान सकाळी उघडताच पाहावे, हे उत्तम. खोल्या लहान आहेत आणि दुपारी पर्यटकांचे मोठे गट येतात. दुसरे घर अधिक प्रशस्त असून तेथे निवांतपणे पाहता येते.

या दोन घरांतून फिरताना एक विसंगती जाणवल्यावाचून राहत नाही. ज्या शहरात आज चॉकलेटच्या वेष्टनापासून चौकाच्या नावापर्यंत सर्वत्र मोझार्ट आहेत, ते शहर स्वतः मोझार्ट यांना नकोसे झाले होते. आर्चबिशप कोलोरेडो यांच्या चाकरीत त्यांचा कोंडमारा होत होता. १७८१ मध्ये ही चाकरी सुटली आणि ते व्हिएन्नात स्थायिक झाले. तेथेच १७९१ मध्ये, वयाच्या अवघ्या ३५ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. साल्झबर्गमध्ये त्यांचा पुतळा उभा राहिला तो १८४२ मध्ये. भारतीय श्रोत्यांच्या परिचयाची त्यांची ४० वी सिंफनीही व्हिएन्नातील आहे, १७८८ ची. १९६१ च्या 'छाया' या हिंदी चित्रपटातील एका लोकप्रिय द्वंद्वगीतासाठी संगीतकार सलील चौधुरी यांनी तिच्याच आरंभीच्या सुरावटीचा आधार घेतला होता.

किल्ला, कारंजी आणि पर्वत

शहराच्या माथ्यावरील होहेनसाल्झबर्ग किल्ल्याच्या बांधकामाला १०७७ मध्ये प्रारंभ झाला. १८९२ पासून डोंगरी रेल्वे पर्यटकांना अल्पावधीत वर पोहोचवते. संगीतप्रेमींनी येथे एक वाद्य आवर्जून लक्षात घ्यावे. १५०२ मध्ये बसवलेला यांत्रिक ऑर्गन 'साल्झबर्गचा बैल' या नावाने ओळखला जातो. त्याचा हंबरल्यासारखा नाद खालच्या शहरापर्यंत ऐकू येतो आणि तो ऐकण्यासाठी कार्ड दाखवावे लागत नाही.

शहराच्या दक्षिणेला हेलब्रुन प्रासाद आहे. आर्चबिशप मार्कुस सिट्टिकुस यांनी सतराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात तो केवळ मनोरंजनासाठी बांधून घेतला. पाहुणे दगडी आसनांवर बसताच त्यांच्यावर पाण्याचे फवारे उडावेत, अशी येथील रचना आहे. अठराव्या शतकाच्या मध्यास उभारलेल्या यांत्रिक रंगमंचावर पाण्याच्या शक्तीने लहान लहान बाहुल्या हलतात आणि पाण्यावरच चालणारा ऑर्गन वाजतो. हिवाळ्यात ही कारंजी बंद असतात.

उन्टर्सबर्गही याच दिशेला आहे. रज्जुमार्गाचे वरचे स्थानक १,७०० मीटरपेक्षा अधिक उंचीवर आहे. त्यामुळे हेलब्रुन आणि उन्टर्सबर्ग ही दोन ठिकाणे एकाच अर्ध्या दिवसात पाहिल्यास वेळेची बचत होते. देखभालीसाठी रज्जुमार्ग वर्षातून काही आठवडे बंद ठेवला जातो. पर्वत ढगांत असेल, तर वर जाऊन काहीच दिसत नाही. म्हणून हा भाग हवामान पाहूनच ठरवावा.

संगीत कोठे ऐकावे?

साल्झबर्ग महोत्सव जुलैच्या उत्तरार्धापासून ऑगस्टअखेरपर्यंत चालतो. नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्ट, लेखक हुगो फॉन हॉफमान्स्टाल आणि संगीतकार रिखार्ड श्ट्राउस हे त्याच्या संस्थापकांपैकी होत. २२ ऑगस्ट १९२० रोजी कॅथेड्रलसमोरील चौकात 'येडरमान' या नाटकाच्या प्रयोगाने त्याचा प्रारंभ झाला. मुंबईत जन्मलेले विख्यात संगीत-संचालक झुबिन मेहता यांनीही या महोत्सवात वाद्यवृंदाचे संचालन केले आहे. महोत्सवाची तिकिटे बरीच आधी विकली जातात आणि निवासाचे दरही या काळात चढे असतात. ज्यांना तिकीट मिळत नाही, त्यांच्यासाठी कापिटेलप्लात्स या चौकात मोठ्या पडद्यावर गाजलेल्या प्रयोगांची चित्रणे विनामूल्य दाखवण्याची प्रथा २००२ पासून आहे.

वर्षाच्या इतर काळातही संगीत दुर्मीळ नाही. मोझार्ट यांच्या जन्मदिनाच्या सुमारास, जानेवारीअखेरीस 'मोझार्ट सप्ताह' साजरा होतो. किल्ल्यात आणि मिराबेल प्रासादाच्या संगमरवरी दालनात पर्यटकांसाठी नियमित मैफली होतात. कार्डधारकांना सवलत मिळते ती प्रामुख्याने अशा कार्यक्रमांवर. ती कोणत्या मैफलीला लागू आहे, हे तिकीट घेण्यापूर्वी विचारून घ्यावे.

मोझार्टेउम या संगीत विद्यापीठात देशोदेशींचे विद्यार्थी शिक्षण घेतात. त्यांच्या सादरीकरणाचे अनेक कार्यक्रम सर्वांना खुले असून बहुधा विनामूल्य असतात. मोठ्या मैफलीचे तिकीट ज्यांना परवडत नाही, त्यांच्यासाठी ही उत्तम संधी आहे.

चर्चमधील संगीताचे महत्त्व तर याहून निराळे आहे. मोझार्ट यांचा बाप्तिस्मा साल्झबर्ग कॅथेड्रलमध्ये झाला आणि १७७९ पासून ते आर्चबिशपचे दरबारी ऑर्गनवादक होते. त्यांचे बरेचसे धार्मिक संगीत येथील उपासनेसाठीच लिहिले गेले. सेंट पीटर मठाच्या चर्चमध्ये २६ ऑक्टोबर १७८३ रोजी त्यांच्या सी मायनर मासचे प्रथम सादरीकरण झाले. आजही रविवारी सकाळच्या उपासनेत कॅथेड्रलमध्ये गायकवृंदाचे गायन ऐकावयास मिळते. उपासनेला उपस्थित राहण्यासाठी शुल्क नसते. मात्र ती मैफल नव्हे, याचे भान ठेवून पर्यटकांनी शांतता पाळावी आणि छायाचित्रे घेण्याचे टाळावे.

चित्रपटामुळे येणारे पर्यटक

अनेक भारतीयांना साल्झबर्ग परिचित आहे ते १९६५ च्या 'द साउंड ऑफ म्युझिक' या चित्रपटामुळे. याच कथेवरून प्रेरणा घेतलेला 'परिचय' हा हिंदी चित्रपट १९७२ मध्ये आला. चित्रपटातील मिराबेल उद्यानाच्या पायऱ्या आणि हेलब्रुनच्या आवारात हलवलेला काचेचा मंडप विनाशुल्क पाहता येतो. विवाहाच्या दृश्यातील चर्च मात्र शहराबाहेर मोंडसे येथे आहे. ते शहराच्या कार्डाच्या कक्षेत येत नाही. प्रत्यक्षात मारिया आणि गेओर्ग फॉन ट्राप यांचा विवाह १९२७ मध्ये साल्झबर्गमधीलच नोनबेर्ग मठात झाला होता.

दोन दिवसांचे नियोजन

४८ तासांचे कार्ड घेणाऱ्याने ते पहिल्या दिवशी सकाळी जन्मस्थानाच्या दारात सुरू करावे. त्यानंतर दुसरे घर व मिराबेल उद्यान पाहावे आणि दुपारी किल्ल्यावर जावे. दुसऱ्या दिवसाची सकाळ उन्टर्सबर्ग व हेलब्रुनसाठी राखून ठेवावी. दुसऱ्या दिवशीची दुपार मोकळी असलेली बरी. हवामानाने दगा दिल्यास हेच तास कामी येतात. मुक्कामात रविवार येत असेल, तर सकाळची उपासना आधी आणि प्रेक्षणीय स्थळे नंतर, असा क्रम ठेवावा.

दर आणि समाविष्ट स्थळांची यादी ऋतूनुसार व वर्षानुसार बदलते. ती शहराच्या पर्यटन कार्यालयात पाहून घ्यावी. कार्डाचे पैसे वसूल करण्यासाठी एका दिवसात सहा-सात ठिकाणी धावणारे पर्यटक येथे नेहमी दिसतात. त्यांचे पैसे वसूल होतात, पण सायंकाळी मैफलीला बसण्याचे त्राण उरत नाही. म्हणून कार्ड घेण्यापूर्वी दोन्ही सायंकाळी काय ऐकायचे ते ठरवावे, त्याची तिकिटे काढावीत आणि उरलेल्या वेळात जेवढी स्थळे बसतील तेवढ्याच मुदतीचे कार्ड घ्यावे.