मेस्त्रींच्या घरचा कॅमेरा

सिनेमाच्या फिल्मला दोन्ही काठांना भोकं असतात, एका चित्रामागे चार-चार. कॅमेऱ्यातला आकडा त्या भोकांत अडकतो, फिल्म पाऊण इंच खाली ओढतो आणि सुटतो. फिल्म क्षणभर स्तब्ध. झडप उघडते, उजेड आत शिरतो, झडप मिटते, की आकडा पुन्हा हजर. मूकपटांच्या काळात हे सेकंदाला साधारण सोळा वेळा चालायचं, तेही हाताने दांडा फिरवून! ओढ केसभर चुकली तरी पडद्यावर अख्खा राजवाडा थरथरू लागतो, कारण तिथे ती चूक कितीतरी पटींनी मोठी होऊन दिसते.

असलं यंत्र १९१८ साली कोल्हापुरात नाटकाचे पडदे रंगवणाऱ्या एका माणसाने बनवलं.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री, म्हणजे आपले बाबूराव पेंटर. जन्म १८९०चा. दादासाहेब फाळक्यांनी कॅमेरा विलायतेहून आणला होता. बाबूराव आणि नात्याने त्यांचे भाऊ असलेले आनंदराव यांनी तो स्वतःच घडवायचं मनावर घेतलं. १९१६ मध्ये आनंदराव गेले. बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांना हाताशी धरून काम तडीस नेलं. त्या कॅमेऱ्यावर निघालेला ‘सैरंध्री’ १९२० साली पुण्यात लागला आणि लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली.

मला मात्र नवल वाटतं ते पुढच्या गोष्टीचं. ज्याचा हात पडद्यांवर बसलेला, त्यानेच सिनेमातून रंगवलेले पडदे घालवले आणि खरेखुरे, खोली असलेले सेट उभे केले. चित्रणाआधी प्रसंग आणि पोशाख कागदावर रेखाटायचे. पोस्टर रंगवायचं तेही स्वतःच. १९२३च्या ‘सिंहगड’साठी उन्हावर भागेना, कारण तानाजीची चढाई रात्रीची. मग त्यांनी कृत्रिम प्रकाशात चित्रण केलं. १९२५च्या ‘सावकारी पाश’मध्ये देव-राजे बाजूला ठेवून कर्जात बुडालेला शेतकरी उभा केला, त्यात तरुण व्ही. शांताराम होते.

दिग्दर्शक, चित्रकार, शिल्पकार, यंत्रज्ञ अशी बिरुदं आपण वेगवेगळी लावतो. त्यांच्या लेखी ते सगळं एकच हातकाम असावं. १९२९ मध्ये ‘प्रभात’ ही चित्रपट कंपनी काढणारे दामले, फत्तेलाल, शांताराम याच हाताखाली तयार झाले.

कोल्हापूरला गेलात तर अंबाबाईचं दर्शन होईलच. खरी कॉर्नरचा कॅमेरा स्तंभही आवर्जून पाहा.