अंतरिम हुकूम आणि अपिलाची धाव

पोत्यातून मूठभर ज्वारी काढून साऱ्या थप्पीचा भाव ठरविणे हा आमचा जन्माचा व्यवसाय. न्यायालयाचा अंतरिम हुकूमही असाच मूठभर नमुन्यावर होतो. मात्र तो एकदा झाला की वरचे न्यायालय सहसा नवी मूठ काढून पाहत नाही, हे आम्ही पैसे मोजून शिकलो.

काही वर्षांपूर्वी माल कोणाचा या वादात आमच्या वखारीतील ज्वारी हलविण्यास खालच्या न्यायालयाने तात्पुरती मनाई केली. मालाच्या पावत्या आम्ही तेथे दाखविल्याच नव्हत्या. वेळ आल्यास अपिलात काढू, असा आमचा शहाणपणा! वकीलसाहेब म्हणाले, "शेठजी, अपिलात दावा पुन्हा पहिल्यापासून चालत नाही." आम्ही ऐकले नाही. अपील फेटाळले गेले.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ४३ अन्वये मनाईहुकुमावर अपील चालते, हे खरे. परंतु १९९० साली वँडर विरुद्ध अँटॉक्स या व्यापारचिन्हाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्याची मर्यादा स्पष्ट केली. मद्रास उच्च न्यायालयाच्या एका न्यायाधीशाने मनाई नाकारली होती, खंडपीठाने ती दिली. सर्वोच्च न्यायालयाने खंडपीठाचा हुकूम रद्द केला. खालचा निर्णय मनमानी, लहरी वा विपरीत असेल, किंवा ठरलेली तत्त्वे डावलून दिला असेल, तरच हात घालावा. आपण स्वतः निराळा निर्णय दिला असता, एवढे कारण पुरत नाही. फेरतपासणीची वाट तर १ जुलै २००२ पासून आणखी अरुंद झाली आहे.

यामागील हेतू आम्हांस पुढे पटला. प्रत्येक तात्पुरता हुकूम वर नव्याने तपासू लागल्यास मूळ दावा कधी चालावयाचा? आमचाच दावा अपिलाच्या काळात जागचा हलला नाही. तथापि धान्य तारखा पाळीत नाही, हीही गोष्ट न्यायासनासमोर वेळीच मांडावी लागते. नाशवंत मालाची दाव्यादरम्यान विक्री करण्याचा हुकूम आदेश ३९, नियम ६ खाली मागता येतो. आणि मनाई बदलून वा उठवून घेण्यासाठी नियम ४ खाली त्याच न्यायालयाकडे अर्ज करता येतो. मॅट्रिकपर्यंत शिकलेल्या आम्हांस हे नियम ठाऊक नव्हते. वकीलसाहेबांनी सांगितले तेव्हा आमचे लक्ष अपिलाकडे होते.

अखेर विक्रीचा अर्ज केला. तो मंजूर झाला तेव्हा निम्म्या पोत्यांस कीड लागली होती. मिळेल त्या भावाने माल गेला आणि रक्कम न्यायालयात जमा झाली.