हुकुमाचे धोरण आणि दुकानदाराचा गल्ला
खापरखेड्याच्या बाजारपेठेने आणीबाणीचा हिशेब का विसरू नये?

खापरखेड्याची बाजारपेठ वीज आणि कोळसा या दोन गोष्टींवर उभी आहे. एकीकडे महानिर्मितीचे १३४० मेगावॅटचे औष्णिक केंद्र, तर दुसरीकडे सिल्लेवाडा-वलनीचा कोळसा पट्टा. किराणा, कापड, गॅरेज, ट्रकचा धंदा हे सारे कामगाराच्या पगारावर चालते. महिन्याची उधारी पगाराच्या दिवशी वसूल होते आणि सणाची खरेदी बोनसवर होते. म्हणूनच सरकारचे कामगार धोरण हा फक्त युनियनवाल्यांचा विषय आहे असे आम्ही मानत नाही. तो दुकानदाराच्या गल्ल्याचाही विषय आहे.

हे धोरण कोणाला विचारून ठरते, हा खरा प्रश्न आहे. कोणालाच न विचारता ते ठरले तर काय होते, याचा अनुभव आपल्या देशाने १९७५ ते १९७७ या काळात घेतला आहे.

आधी सही, मग मंत्रिमंडळ

२५ जून १९७५ च्या रात्री राष्ट्रपती फखरुद्दीन अली अहमद यांनी आणीबाणीच्या घोषणेवर सही केली. केंद्रीय मंत्रिमंडळाची बैठक झाली ती दुसऱ्या दिवशी सकाळी. म्हणजे मंत्र्यांना विचारण्यात आले नाही, फक्त कळवण्यात आले. मंत्र्यांचीच ही गत, तर खाणीतल्या मजुराला कोण विचारणार? अनेक कामगार पुढारी 'मिसा'खाली तुरुंगात गेले आणि वर्तमानपत्रांवर सेन्सॉर बसला.

तीन महिन्यांत, सप्टेंबर १९७५ मध्ये, बोनसचा वटहुकूम निघाला. १९७२ पासून किमान ८.३३ टक्के बोनसची, म्हणजे वर्षाला एका महिन्याच्या पगाराची, हमी होती. ती हमी गेली. किमान बोनस ४ टक्क्यांवर आला आणि तोही वाटण्याजोगी शिल्लक असेल तरच. त्याआधी १९७४ पासूनच पगारवाढीची रक्कम आणि वाढीव महागाई भत्त्याचा निम्मा भाग सक्तीच्या ठेवीत जात होता. आणीबाणीत ती सक्तीही चालू राहिली. महागाईला आळा घालणे हे त्यामागचे सरकारचे कारण होते. पण कामगाराच्या खिशातून जो रुपया वळवला जातो, तो बाजारातूनही जातो. वटहुकूम काढताना कामगाराला कोणी विचारले नाही, तसे दुकानदारालाही विचारले नाही.

देणाराही तोच, घेणाराही तोच

न्यायाने बोलायचे तर त्याच राजवटीत काही चांगले कायदेही झाले. स्त्री-पुरुषांना समान वेतन देण्याचा आणि वेठबिगारी बंद करण्याचा कायदा त्याच काळातला. मार्च १९७६ पासून ३०० किंवा अधिक कामगारांच्या कारखान्यात कपात वा ले-ऑफ करण्यापूर्वी सरकारची परवानगी सक्तीची झाली. ४२ व्या घटनादुरुस्तीने व्यवस्थापनात कामगारांचा सहभाग हे तत्त्व घटनेत घातले. मात्र सहभागाची भाषा चालू असताना सहभागी व्हायचे ते अनेकजण गजाआड होते.

एका हाताने नोकरीला संरक्षण दिले आणि दुसऱ्या हाताने बोनस काढून घेतला. दोन्ही वेळा कामगार फक्त ऐकत होता. १९७७ मध्ये सरकार बदलले आणि त्याच वर्षी ८.३३ टक्के बोनस परत आला. कपातीवरचे बंधन मात्र टिकले, कारण नंतरच्या खुल्या संसदेने ते मान्य केले. इतकेच नव्हे, १९८४ पासून ते १०० कामगारांच्या कारखान्यांनाही लागू झाले.

संप थांबले, टाळी लागली

'आणीबाणीत संप बंद झाले, उत्पादन वाढले,' असे आजही सांगितले जाते. संप कमी झाले हे खरे. १९७४ मध्ये, म्हणजे रेल्वे संपाच्या वर्षी, औद्योगिक तंट्यांत सुमारे ४ कोटी मनुष्यदिवस वाया गेले होते. १९७६ मध्ये हा आकडा सुमारे सव्वा कोटीवर आला. पण त्याच्या पोटात शिरून पाहा. त्यातले तीन-चतुर्थांशाहून अधिक दिवस मालकांच्या टाळेबंदीमुळे गेले होते. कामगाराचा हात बांधला, मालकाचा मोकळा राहिला. गेटवर कुलूप कोणीही लावो, समोरच्या चहावाल्याचा धंदा बुडतोच.

कामगारांच्या नावाने चालणारी राजवटही याला अपवाद नाही. पोलंडच्या सरकारने १९७०, १९७६ आणि १९८० अशा तीन वेळा खाद्यपदार्थांचे भाव हुकुमाने वाढवले आणि तिन्ही वेळा कामगार रस्त्यावर आले. खरे सांगणारी स्वतंत्र युनियनच नसल्यामुळे सरकारला आधी अंदाज आला नाही. पुढे युनियन झाली, तर डिसेंबर १९८१ मध्ये लष्करी कायदा पुकारण्यात आला आणि वुयेकच्या कोळसा खाणीत ९ खाणकामगार गोळीबारात बळी पडले.

बोलणी लांबतात, पण टिकतात

याउलट आपल्याच कोळसा पट्ट्याकडे पाहा. १९७३ मध्ये खाणींचे राष्ट्रीयीकरण झाले आणि डिसेंबर १९७४ मध्ये पहिला राष्ट्रीय कोळसा वेतन करार झाला. मे २०२३ मध्ये अकरावा झाला. तो लागू होता जुलै २०२१ पासून, म्हणजे बोलण्यांत जवळपास दोन वर्षे गेली. उशीर झाला खरा, पण सह्या दोन्ही बाजूंच्या होत्या.

विजेचेही तसेच. जानेवारी २०२३ मध्ये राज्यातील वीज कर्मचाऱ्यांनी खासगीकरणाविरुद्ध ७२ तासांचा संप पुकारला. सरकारने 'मेस्मा' लावला, तरी संप सुरू झाला. तो मागे घेतला गेला तो ४ जानेवारीला, ऊर्जामंत्री देवेंद्र फडणवीस यांच्याशी चर्चा झाल्यावर. जे कायद्याच्या धाकाने झाले नाही, ते एका बैठकीने झाले.

आता २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या आहेत. कपातीच्या परवानगीची मर्यादा पुन्हा ३०० वर गेली. कोणत्याही औद्योगिक आस्थापनेत संपासाठी १४ दिवसांची नोटीस आवश्यक झाली. या तरतुदी बऱ्या की वाईट, यावर मतभेद असू शकतात. पण औद्योगिक संबंध संहिता २०२० मध्ये राज्यसभेत मंजूर झाली, तेव्हा विरोधकांचा बहिष्कार होता. सरकार, मालक आणि कामगार यांना एकत्र बसवणारी भारतीय श्रम परिषद तर २०१५ नंतर संहिता लागू होईपर्यंत भरलीच नव्हती. ही आणीबाणी नव्हे. संसद, न्यायालय, निवडणूक सारे आहे. म्हणूनच विचारण्याची संधीही आहे, आणि ती वापरली पाहिजे.

आमच्या व्यापारी बांधवांना आमचे सांगणे एवढेच. कामगारांची सभा भरली की 'धंदा खोटी होतो' म्हणून नाक मुरडू नका. त्यांची मागणी काय आहे ते समजून घ्या, कारण ती मान्य झाली तर पैसा तुमच्याच पेठेत यायचा आहे. जे लहान ठेकेदार आहेत, त्यांनी आपल्या मजुरांचे हजेरीपत्रक, पगाराची पावती आणि भविष्य निर्वाह निधी चोख ठेवावा. मजुराला विचारण्याची सवय दिल्लीने लावून घ्यावी असे वाटत असेल, तर ती आपल्या गोदामापासून सुरू व्हायला हवी.