बदलीच्या हुकुमावरचे न्यायाधीश

सरकारी नोकरीत आयुष्य काढलेल्या माणसाला बदली या शब्दाचा अर्थ कोशात पाहावा लागत नाही. शिक्षक असो वा कचेरीतला कारकून, बदलीचा हुकूम हातात पडला की त्यामागचे कारण हुकुमात लिहिलेले नसते, हे त्याला ठाऊक असते. 'प्रशासकीय सोयीसाठी' एवढेच शब्द तेथे असतात. सोय कोणाची, हे ज्याचे त्याने समजून घ्यावयाचे. नाशिक जिल्ह्यातील निफाड येथे १८ जानेवारी १८४२ रोजी जन्मलेल्या महादेव गोविंद रानड्यांना हे समजून घेण्याचा प्रसंग आला तो नाशिकच्याच बाबतीत, आणि न्यायाधीशाच्या आसनावर असताना आला.

रानड्यांचे नाव आपण इतक्या आदराने घेतो की त्या आदराखाली माणूस झाकला जातो. समाजसुधारक, अर्थशास्त्रज्ञ, इतिहासकार, राष्ट्रसभेचे एक जनक अशी बिरुदे मुलांकडून पाठ करून घेतली जातात. मात्र ते जवळजवळ तीस वर्षे न्यायखात्याचे पगारी नोकर होते, ही गोष्ट 'न्यायमूर्ती' या पदवीतच विरघळून गेली आहे. वस्तुतः त्यांच्या आयुष्यातील खरा ताण या नोकरीत आहे. परक्या सरकारचा पगार घ्यावयाचा, त्याच सरकारने केलेले कायदे लावावयाचे, आणि तरीही त्या सरकारला त्याच्या चुका दाखवीत राहावयाचे, हे तिहेरी ओझे त्यांनी वाहिले.

त्याची चुणूक विद्यार्थिदशेतच दिसली होती. एल्फिन्स्टन महाविद्यालयात असताना एका निबंधात त्यांनी मराठ्यांच्या राज्यकारभाराची तुलना इंग्रजी अमलाशी केली आणि ती इंग्रजांना अनुकूल ठरली नाही. प्राचार्य सर अलेक्झांडर ग्रँट यांनी त्यांची शिष्यवृत्ती सहा महिने बंद ठेवली. रानड्यांनी त्यावर आकांडतांडव केल्याचे कोठे दिसत नाही. पुढे ग्रँटसाहेबांविषयी ते आदरानेच बोलत. हा स्वभाव पुढे जन्मभर टिकला. काहींना त्यात सोशिकपणा दिसला, काहींना भित्रेपणा.

१८७१ साली ते पुण्यात प्रथम वर्गाचे सबजज्ज म्हणून आले. सार्वजनिक सभा तेव्हा एक वर्षाची होती. सभेच्या अर्जविनंत्यांमागे, १८७६-७७ च्या दुष्काळात तिने गावोगावची माहिती जमवून सरकारपुढे ठेवली त्या कामामागे, डोके कोणाचे आहे हे पुण्यात सर्वांना माहीत होते आणि मुंबई सरकारलाही माहीत होते. १८७८ च्या आरंभी त्यांची बदली नाशिकला झाली. त्यामागे सरकारचा संशय होता, असेच त्यांच्या निकटवर्तीयांनी मानले. गंमत अशी की सभेचे इंग्रजी त्रैमासिक सुरू झाले ते त्याच वर्षी, आणि त्यातील लेखनाचा मोठा भार रानड्यांच्याच लेखणीने उचलला. माणूस पुण्यातून हलला, लेख मात्र टपालाने पुण्याला येत राहिले!

नाशिकचे दिवस त्यांना वनवासासारखे गेले नाहीत. लोकहितवादी गोपाळ हरी देशमुख तेव्हा न्यायखात्यात येथेच होते. पत्नी रमाबाईंचे इंग्रजी शिक्षण पुढे चालले होते, आणि त्यांनी आयुष्यातील पहिले जाहीर भाषण केले तेही याच गावात. ते भाषण रानड्यांनीच लिहून दिले होते. दुसऱ्याने लिहून दिलेले भाषण वाचणाऱ्या या तरुण स्त्रीने पुढे उभ्या महाराष्ट्राला स्वतःच्या शब्दांत ऐकविले, ही नाशिककरांनी आठवणीत ठेवण्यासारखी गोष्ट आहे.

मग १८७९ चा मे महिना आला. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाने सरकार आधीच बिथरले होते. त्यात पुण्यातील बुधवारवाडा आणि विश्रामबागवाडा यांना आग लागली. गव्हर्नर सर रिचर्ड टेंपल यांनी व्हाइसरॉय लिटन यांना त्याच वर्षी पत्र लिहून चित्पावन ब्राह्मणांच्या निष्ठेविषयी शंका कळविली. रानडे उन्हाळ्याच्या सुटीत पुण्यास होते. सुटी संपेपर्यंतही न थांबता ताबडतोब धुळ्यास रुजू व्हावे, असा हुकूम आला. धुळ्यात त्यांच्या टपालावर नजर होती. बंडवाल्यांच्या नावाने बनावट पत्रेही त्यांना येत. ती ते सरळ पोलिसांकडे धाडीत. दिवसा न्यायासनावर बसून साक्षी-पुराव्यांची छाननी करावयाची आणि आपल्या घरचे पत्र आधी कोणी तरी फोडून वाचले आहे हे जाणून ते उघडावयाचे. अशा स्थितीत निकालपत्रात कडवटपणाचा थेंब न पडू देणे किती कठीण, याची कल्पना वाचकांनीच करावी.

न्यायाधीशाला वाकविण्याची ही रीत केवळ इंग्रजांची नव्हे. स्वतंत्र झालेल्या देशांनीही ती उचलली. पश्चिम आफ्रिकेतील घानाचे पहिले घानावासी सरन्यायाधीश सर आर्कू कोर्साह यांच्या न्यायालयाने डिसेंबर १९६३ मध्ये राजद्रोहाच्या खटल्यातील तीन आरोपींना निर्दोष सोडले. दोनच दिवसांत अध्यक्ष एन्क्रुमा यांनी कोर्साह यांना पदावरून दूर केले आणि तो निकालही रद्दबातल ठरविला गेला. स्वातंत्र्याचा लढा लढलेल्या नेत्यानेच हे केले. आपल्याकडेही आणीबाणीत, १९७६ साली, उच्च न्यायालयांच्या सोळा न्यायाधीशांच्या बदल्या त्यांची संमती न घेता झाल्या. बडतर्फी डोळ्यांवर येते; बदलीला नियमाचा आधार असतो, म्हणून ती अधिक सोयीची. रानडे तर दुय्यम न्यायाधीश. त्यांच्यामागे ना राज्यघटनेचे संरक्षण होते, ना जागे झालेले लोकमत.

नियतीचा, की सरकारी कारभाराचा, खेळ पाहा. ज्या माणसावर १८७९ साली पहारा होता त्यालाच १८८१ साली मुंबईस मॅजिस्ट्रेट नेमले गेले, आणि त्याच वर्षी त्याच्याकडे दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जाचे काम आले. १८७५ साली सुप्याला सावकारांविरुद्ध दंगा उसळला आणि पुणे-नगर भागात पसरला. दंगेखोरांनी मुख्यतः कर्जरोखे जाळले. त्यातून १८७९ चा शेतकरी साहाय्य कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर हे चार जिल्हे त्याखाली आले. या कायद्याने न्यायाधीशाला एक विलक्षण अधिकार दिला. रोख्यावर कुणब्याचा अंगठा आहे एवढ्यावर न थांबता, मूळ मुद्दल किती, व्याज किती चढविले, फेड किती झाली, हा सारा इतिहास त्याने उकरून काढावयाचा आणि वाजवी रक्कम ठरवून हप्ते बांधून द्यावयाचे. कर्जासाठी कुणब्याला तुरुंगात टाकणे बंद झाले. गावोगाव तडजोड घडवून आणणारे सलोखेदार नेमले गेले.

रानड्यांना हे काम मनापासून भावले असले पाहिजे. या कायद्याखालील कोर्टांची तपासणी करीत ते गावोगाव फिरले. १८८७ मध्ये ते या कायद्याचे विशेष न्यायाधीश झाले. हिंदी अर्थशास्त्रावरचे त्यांचे १८९२ चे डेक्कन कॉलेजातील व्याख्यान आपण पदवीच्या वर्गात शिकतो, पण त्या व्याख्यानामागे या फिरतीत पाहिलेल्या सावकारी वह्या आणि हप्त्यांचे हिशेब उभे आहेत, हे सहसा कोणी सांगत नाही. इंग्लंडमधील सिद्धांत हिंदुस्थानला जसेच्या तसे लागू पडत नाहीत, हे त्यांनी ग्रंथांइतकेच कोर्टाच्या ओसरीवर शिकले असावे, असे प्रस्तुत लेखकाला वाटते.

न्यायमूर्ती काशिनाथ त्रिंबक तेलंगांच्या अकाली निधनानंतर १८९३ च्या नोव्हेंबरात रानडे मुंबई उच्च न्यायालयात गेले. पुण्याने त्यांचा मोठा सत्कार केला.

आता दुसऱ्या पक्षाची साक्ष नोंदवली पाहिजे, नाही तर न्यायमूर्तींच्या बाबतीतच एकतर्फी निकाल दिल्यासारखे होईल. सरकारच्या संशयापुढे अविचल राहिलेला हा पुरुष घरात आणि जातीत मात्र वाकला. १८७३ साली पहिली पत्नी वारली तेव्हा ते एकतीस वर्षांचे होते आणि विधवाविवाहाचे उघड पुरस्कर्ते होते. वडिलांच्या आग्रहापुढे त्यांचे काही चालले नाही, आणि वर्ष संपण्याच्या आत अकरा वर्षांच्या मुलीशी त्यांचे लग्न झाले. विरोधकांनी त्यांना यावरून जन्मभर टोचले, आणि ते अन्यायाचे होते असे म्हणवत नाही. पुढे १८९० साली पुण्याच्या पंचहौद मिशनमधील चहापानाचे प्रकरण झाले, आणि १८९२ मध्ये त्यांनी प्रायश्चित्तही घेतले. त्यांचे म्हणणे असे, की समाजाला बरोबर घेऊन चालावयाचे तर त्याच्यापासून तुटून चालत नाही. हा युक्तिवाद प्रामाणिक होता. परंतु त्या चहाच्या पेल्यापेक्षा १८७३ ची विधवा अधिक मोठी फिर्यादी होती, आणि तिच्या फिर्यादीला रानड्यांपाशी उत्तर नव्हते. ते नसल्याची जाणीव त्यांना फार खोल होती, हे लग्नाच्या दिवसापासून त्यांनी पत्नीच्या शिक्षणाचा जो ध्यास घेतला त्यावरून दिसते. त्या अभ्यासापायी घरातील वडीलधाऱ्या बायकांचा छळ रमाबाईंनी सोसला. रानडे तो पाहत आणि बहुधा गप्पच राहत.

१६ जानेवारी १९०१ रोजी, एकोणसाठ वर्षे पुरी होण्यास दोन दिवस असताना, मुंबईत त्यांचे निधन झाले. ज्यांच्याशी हयातभर मतभेद झाले त्या टिळकांनी 'केसरी'त लिहिले, तेव्हा थंड पडलेल्या महाराष्ट्रात ऊब आणण्याचे श्रेय रानड्यांनाच दिले. सरकारी कागदांत त्यांच्या बदल्यांच्या तारखा तेवढ्या उरल्या. त्या बदल्यांच्या मागेपुढे घरात काय घडत होते, नाशिकला दिवस कसे गेले, धुळ्याला पत्रे कशी येत, ही जबानी १९१० साली 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' या पुस्तकात छापून आली. ती दिली होती १८७३ साली न विचारता ज्या मुलीचे लग्न लावले गेले होते तिने, आणि तोवर ती पुण्याच्या सेवासदनाची अध्यक्षा झाली होती.